इब्न खल्दून : एका आडनावाची मोजदाद

(नभोवाणीवरील भाषण)

प्रत्येक शाळेत एक जाडजूड नोंदपुस्तक असते. त्यास जनरल रजिस्टर म्हणतात. विद्यार्थी प्रथम या पुस्तकात येतो आणि मगच वर्गात येतो. त्यात नावासाठी तीन घरे आखलेली असत : विद्यार्थ्याचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव. पस्तीस वर्षांच्या मास्तरकीत या तीन घरांतून मी किती मुले बसविली, याचा हिशेब मजपाशी नाही. परंतु एक मूल मी चुकीच्या घरात बसविले, त्याची आठवण मात्र अजून पुसली गेलेली नाही. आजच्या विषयाकडे मी वळलो तो त्या चुकीमुळेच. म्हणून आधी ती सांगतो.

मी तेव्हा मराठवाड्यातील एका तालुक्याच्या गावी होतो. गावात चाऊस लोकांची काही घरे होती. हे लोक मूळचे अरब. अरबस्तानच्या दक्षिण किनाऱ्यावर हद्रमौत नावाचा प्रांत आहे, तेथून यांचे पूर्वज शिपाईगिरीसाठी इकडे आले. उत्तर पेशवाईत मराठी फौजांतून अरबांची पथके होती, आणि एकोणिसाव्या शतकात हैदराबादच्या निजामाच्या चाकरीत त्यांचा मोठा भरणा झाला. अशाच एका घरातील मुलाचे नाव दाखल करावयास त्याचे आजोबा आले. त्यांनी नाव कागदावर लिहून आणले होते. आधी मुलाचे नाव, मग ‘बिन’, मग बापाचे नाव, आणि शेवटी ‘बा’ या अक्षराने आरंभ होणारे घराण्याचे नाव. कागदावर शब्द चार आणि माझ्या रजिस्टरात घरे तीन ! मी घाईत होतो. पहिला शब्द पहिल्या घरात, दुसरा दुसऱ्यात, तिसरा तिसऱ्यात लिहून मी मोकळा झालो. चौथा शब्द सांडला.

पाच वर्षांनी दहावीच्या परीक्षेचे अर्ज भरण्याची वेळ आली तेव्हा ते वृद्ध गृहस्थ पुन्हा शाळेत आले. अर्जावर मुलाच्या वडिलांचे नाव ‘बिन’ असे उतरले होते. ते रागावले नाहीत. खुर्चीवर बसून म्हणाले, “मास्तर, बिन म्हणजे मुलगा. अमक्याचा मुलगा तमका, एवढेच ते सांगते. तुम्ही माझ्या पोराला पुसून टाकलेत आणि त्याच्या जागी नुसते नाते लिहून ठेवलेत.”

मराठीत ‘बिन’ याचा दुसराही अर्थ आहे. बिनभाड्याने, बिनपाण्याने असे आपण म्हणतो, तेथे बिन म्हणजे ‘वाचून’. तसा तो मुलगा माझ्या हस्ताक्षरामुळे सरकारदप्तरी बिनबापाचा झाला होता. अधिक लाजेची गोष्ट अशी की, हा अरबी ‘बिन’ मला परका असावयास नको होता. आपल्या जुन्या मोडी कागदांत, वतनपत्रांत आणि महजरांत, ‘अमुक बिन तमुक पाटील, मौजे अमुक’ अशी नावे पानोपानी आढळतात. बायकांच्या नावापुढे त्याच धर्तीवर ‘कोम’ येते. अमुक कोम तमुक, म्हणजे अमुक ही तमक्याची बायको. शेकडो वर्षे आमच्या पाटील-कुणब्यांनी आपला बाप ज्या शब्दाने सांगितला, तो शब्द एका मराठी मास्तराने बापाचेच नाव समजून लिहिला !

त्या दिवसापासून अरबी नावांच्या घडणीविषयी मी जे मिळेल ते वाचू लागलो. माझे शिक्षण मॅट्रिकपर्यंतचे. अरबी भाषा मला येत नाही. इंग्रजी ग्रंथ कोश जवळ घेऊन वाचावे लागतात. परंतु या वाचनात एक असे आडनाव मला भेटले की ज्याची चौकशी स्वतः ते आडनाव लावणाऱ्यानेच केली, आणि तीही हिशेब मांडून. ते आडनाव म्हणजे ‘इब्न खल्दून’. चौदाव्या शतकातील हा इतिहासकार आपल्याकडील सुशिक्षितांस नावाने तरी ठाऊक असतो. त्याच्या ‘मुकद्दिमा’ या ग्रंथास समाजशास्त्राचा पहिला ग्रंथ असे पुष्कळ विद्वान म्हणतात. मुकद्दिमा म्हणजे पुढे ठेवलेली गोष्ट, प्रस्तावना. आपला पुढे चालणारा ‘मुकादम’ हा त्याच धातूचा. परंतु आज मला त्या ग्रंथाविषयी फारसे बोलावयाचे नाही. त्याच्या कर्त्याच्या नावाविषयीच बोलावयाचे आहे.

त्याचे पूर्ण नाव सांगू लागलो तर नभोवाणीची वेळ पुरणार नाही. थोडक्यात ते असे : वलीउद्दीन अबू झैद अब्दुर्रहमान इब्न मुहम्मद इब्न खल्दून अल्-हद्रमी. यात मूळ ठेवलेले नाव एकच, अब्दुर्रहमान. ‘वलीउद्दीन’ ही पदवी. ती त्यास उतारवयात ईजिप्तमध्ये, न्यायाधीशपदाबरोबर मिळाली. ‘अबू झैद’ म्हणजे झैदचा बाप. आपल्याकडे जुन्या घरांतून बायका नवऱ्याचे नाव न घेता ‘बंड्याचे बाबा’ म्हणत, तोच हा प्रकार. फक्त अरबांत तो आदराचा मानतात, आणि मूल होण्यापूर्वीही तो चिकटविला जातो. शेवटचे ‘अल्-हद्रमी’ म्हणजे हद्रमौतचा. आपण गावाच्या नावास ‘कर’ लावतो, अरब तेथे ‘ई’ लावतात. ध्यानात घ्यावयाचे ते हे की, अब्दुर्रहमानाने हद्रमौत कधी पाहिले नाही. तो १३३२ साली ट्यूनिस शहरी जन्मला. कित्येक शतकांपूर्वी ज्या प्रांतातून घराणे निघाले, तो प्रांत नावाच्या शेवटी टिकून राहिला होता. कैरोत मात्र लोक त्यास मगरिबी, म्हणजे पश्चिमेकडचा, म्हणूनच ओळखीत, आणि त्यानेही मगरिबी पोशाख तेथे सोडला नाही.

आता राहिले ते मधले दोन ‘इब्न’. इब्न म्हणजे पुत्र. शब्दारंभीचा ‘इ’ हा अरबीत टेकूसारखा आहे. मागे दुसरा शब्द आला की तो गळतो, आणि बोलण्यात ‘बिन’ किंवा ‘बेन’ एवढेच उरते. हाच शब्द स्पेनमध्ये ‘अबेन’ असा ऐकला गेला आणि लॅटिन ग्रंथांत त्याची विलक्षण रूपे झाली. इब्न सीनाचा आविसेन्ना झाला, इब्न रुश्दाचा आव्हेर्रोएस झाला. पुत्रवाचक शब्द पूर्वजाच्या नावात असा विरघळून गेला की, पुढे युरोपातल्या विद्यार्थ्यांस तेथे कोणाचा तरी मुलगा बोलतो आहे याची शंकाही येईना. माझी चूक त्यांच्यापेक्षा फार निराळी नव्हती, एवढेच समाधान !

लिहिण्याची एक बारीक खूण येथे सांगण्यासारखी आहे. अरबी व्याकरणाचा दंडक असा की, मुलाचे नाव आणि लगोलग बापाचे नाव यांच्यामध्ये ‘इब्न’ आला तर त्याचा आरंभीचा अलिफ लिहू नये. परंतु पुढचे नाव बापाचे नसून आजाचे किंवा त्याहून दूरच्या पूर्वजाचे असेल, तर काटेकोर लेखक अलिफ कायम ठेवतात. म्हणजे ‘अब्दुर्रहमान, पुत्र मुहम्मदाचा’ येथे अलिफ नाही, आणि ‘अब्दुर्रहमान इब्न खल्दून’ येथे तो आहे. एका उभ्या रेघेने वाचणाऱ्यास सूचना मिळते की, सावध ! हा बाप नव्हे, हा घराण्याचा मूळपुरुष आहे. आपल्या मराठी नावांत बाप आणि आडनाव यांच्या जागाच वेगळ्या आहेत, म्हणून आपणांस अशा रेघेची गरज पडली नाही.

मूळपुरुषाचे नाव पुढे करण्याची गरज का पडली, हे वंशावळीकडे पाहिले की तत्काळ उमजते. अब्दुर्रहमानाच्या बापाचे नाव मुहम्मद. आजाचे नाव मुहम्मद. पणजाचेही मुहम्मद ! ट्यूनिसच्या बाजारात ‘मुहम्मदाचा मुलगा’ म्हणून हाक मारली असती तर अर्धा बाजार वळला असता. पैगंबराचे नाव घरोघरी ठेवण्याची रीत पडल्यावर बापाच्या नावाने मनुष्य ओळखणे कठीण होते. म्हणून साखळीत मागे मागे जाऊन, जे नाव दुसऱ्या कोणाचे नाही अशा नावाशी लोक थांबतात. ते नाव मग सगळ्या घराण्याचे होते. अब्दुर्रहमानाचा धाकटा भाऊ याह्या हाही इतिहासकार होता, आणि तोही इब्न खल्दूनच.

खल्दून हे नाव तसेच विरळ. मूळ नाव खालिद. ख-ल-द या धातूचा अर्थ टिकून राहणे, अक्षय असणे. आपल्याकडे मुलास चिरंजीव म्हणतात, तोच भाव. या खालिदाचे खल्दून कसे झाले ? मुसलमानी स्पेनमध्ये, ज्यास अरब अंदलूस म्हणत, अशी ‘ऊन’कारान्त नावे पुष्कळ होती. कॉर्डोव्ह्याचा कवी इब्न झैदून, डोंगरी किल्ल्यावरून अमीरांस जेरीस आणणारा बंडखोर उमर इब्न हफ्सून, ही त्याच वळणाची. झैदचा झैदून, हफ्सचा हफ्सून, खालिदाचा खल्दून. काही पंडित म्हणतात की हा स्पॅनिश भाषेतील मोठेपणा दाखविणारा ‘ओन’ प्रत्यय अरबी नावास लागला. दुसरे म्हणतात की तो अरबीचाच अनेकवचनी ‘ऊन’ आदरार्थी लागला. आपण रामाचे रामराव करतो किंवा बाबाचे बाबासाहेब, तसे काहीसे ते असावे. मला स्वतःला पहिले मत अधिक रुचते. अरबी धातूवर स्पेनच्या मातीचा प्रत्यय लागावा आणि ते जोडनाव पुढे आफ्रिकेत प्रसिद्धीस यावे, यात त्या घराण्याचा सारा प्रवास येतो. अर्थात रुचणे हा पुरावा नव्हे.

हा प्रवास असा. घराण्याची परंपरा सांगे की, आपला आद्य पूर्वज वाइल इब्न हुज्र हा हद्रमौतचा सरदार खुद्द पैगंबरांस भेटावयास गेला, आणि त्यांनी आपले वस्त्र अंथरून त्यास वर बसविले. त्याच्या वंशातील खालिद उर्फ खल्दून अंदलूसात आला आणि कार्मोना या गावी राहिला. पुढे वंशज सेव्हिल शहरी गेले. नवव्या शतकाच्या अखेरीस या घराण्यातील कुरैब नावाचा पुरुष कॉर्डोव्ह्याच्या अमीराविरुद्ध उठला आणि काही काळ सेव्हिल बळकावून बसला; ८९९ साली तो मारला गेला. त्यानंतरही घराणे सेव्हिलात मानाने नांदत राहिले. तेराव्या शतकात कॅस्टिलचे ख्रिस्ती राजे दक्षिणेकडे सरकू लागले. १२४८ साली सेव्हिल पडले. खल्दूनांनी त्यापूर्वीच घरदार सोडून समुद्र ओलांडला होता. अब्दुर्रहमानाचा पणजा ट्यूनिस दरबारी जमाखर्चाचा कारभारी झाला, आणि एका तोतया सुलतानाने त्यास बंदीत छळून गळा दाबून मारविले. बाप राजकारणापासून दूर राहिला व विद्येत रमला. १३४८-४९च्या महामारीत आईबाप दोन्ही गेले, तेव्हा अब्दुर्रहमान सतरा वर्षांचा होता. वतन सेव्हिलात गेले, आईबाप ट्यूनिसात गेले, आणि मुलापाशी विद्या आणि नाव एवढेच उरले.

अशा मनुष्याने आपल्या नावाची राखण जिवापाड केली असती तर कोणी दोष दिला नसता. त्याने काय केले पाहा. त्याने आत्मचरित्र लिहिले आहे. त्याच्या आरंभीच तो आपली वंशावळ देतो. स्वतःपासून मागे मुहम्मद, मुहम्मद, मुहम्मद, हसन, मुहम्मद, जाबिर, मुहम्मद, इब्राहीम, अब्दुर्रहमान आणि दहावा खल्दून. येथवर कोणीही कुलाभिमानी मनुष्य लिहील तसेच आहे. परंतु लगेच तो सांगतो की, मला ही दहाच नावे आठवतात, आणि माझी पक्की समजूत आहे की ती याहून अधिक असली पाहिजेत. कारण तो हिशेबाने देतो. खल्दून जर अंदलूस जिंकला गेला त्या आरंभीच्या काळी आला असेल, तर त्यास सातशे वर्षे झाली. शंभर वर्षांत तीन पिढ्या हा नेहमीचा अनुभव. तेव्हा माणसे वीसएक हवीत. यादीत दहा आहेत. म्हणजे जवळजवळ तितकीच गळाली आहेत.

श्रोतेहो, हा मजकूर प्रथम वाचला तेव्हा मी पुस्तक मिटून ठेवले. वर्गात मुलांस त्रैराशिक शिकविताना मी सफरचंदे आणि मजूर यांची उदाहरणे घालीत आलो. आपल्याच आजा-पणजांस त्रैराशिकात घालण्याचे धैर्य माझ्या ध्यानी कधी आले नव्हते. आपल्याकडे जुनी पोथी किंवा भाटाची वही उघडून पाहावी. पिढ्या कमी पडल्या तर भरून काढणारेच पुष्कळ. हा गृहस्थ भरीत नाही. नावे आठवत नाहीत, ती जागा तो मोकळी सोडतो.

मग मीही पाटी पुढे ओढली. त्याने केला तो खालच्या अर्ध्याचा हिशेब; वरचा अर्धा कसा आहे ते पाहावे म्हटले. वाइलापासून खल्दूनापर्यंतची साखळी त्याने इब्न हझ्म या कॉर्डोव्ह्याच्या विद्वानाच्या वंशग्रंथावरून घेतली आहे. हा इब्न हझ्म १०६४ साली वारला. त्या साखळीत वाइलानंतर खल्दून हा सातवा. आता वाइल पैगंबरांस भेटला तो हिजरी सनाच्या नवव्या-दहाव्या वर्षी, आणि अंदलूसवर पहिली स्वारी झाली ती हिजरी ९२त, म्हणजे इसवी ७११त. मधली वर्षे ब्याऐंशी-त्र्याऐंशी. त्यात सात पिढ्या बसवावयाच्या म्हटल्या तर प्रत्येक बाप बारा वर्षांचा धरावा लागतो ! हे काही जमत नाही. शंभरास तीन या त्याच्याच मापाने खल्दून येतो तो इसवी ८५०च्या आसपास. उलट कुरैबाचे बंड त्या शतकाच्या अखेरचे. त्या वेळी घराणे एवढे बळावलेले होते, तर मूळपुरुष त्याच्या दोन-तीन पिढ्या तरी आधी आलेला हवा. म्हणजे पहिल्या स्वारीबरोबर खल्दून आला ही गोष्ट वरून मोजली तरी बसत नाही आणि खालून मोजली तरी बसत नाही. तो कोठे तरी मध्ये, स्वारीनंतर पुष्कळ मागाहून आला असावा. पहिल्या जेत्यांबरोबर आपला पूर्वज होता असे म्हणण्यात मौज असते. आपल्याकडेही प्रत्येक गावचा पाटील मूळ वसाहतीचा असतो ! इब्न खल्दूनाने तेथे ‘जर’ हा शब्द वापरला आहे; त्यात सारे आले.

या नावाची खरी परीक्षा मात्र कागदावर झाली नाही. १३६४ साली तो ग्रानादाच्या सुलतानाच्या पदरी असताना त्यास वकील म्हणून कॅस्टिलचा राजा पेद्रो याजकडे पाठविण्यात आले, आणि तेव्हा पेद्रोचा मुक्काम होता सेव्हिलात. म्हणजे खल्दून घराणे ज्या शहरातून निघाले, त्याच शहरात सव्वाशे वर्षांनी त्यातील एक पुरुष परक्या राजाचा पाहुणा म्हणून शिरला. पूर्वजांच्या खुणा त्याने तेथे डोळ्यांनी पाहिल्या, असे तो स्वतः नमूद करतो. राजाच्या दरबारी एक यहुदी वैद्य होता. त्याची पूर्वीची ओळख. त्याने राजास या घराण्याची कीर्ती सांगितली. तेव्हा राजाने बोलणे काढले की, तुम्ही येथेच राहा; तुमच्या वाडवडिलांची मालमत्ता सेव्हिलात आहे, ती माझ्या सरदारांच्या ताब्यात आहे, ती सोडवून तुम्हांस देतो.

वतनासाठी आपल्याकडे भाऊ भावास ओळखीत नाही, पिढ्यानुपिढ्या दावे चालतात. येथे दावा न लावता, नुसत्या नावावर, गेलेले वतन परत मिळत होते. वय बत्तीस. त्याने आभार मानले आणि नको म्हटले. कारण त्याने विस्ताराने लिहिलेले नाही. राजाने सोनेरी लगाम-रिकिबींचे एक खेचर दिले, ते त्याने नेऊन ग्रानादाच्या सुलतानास नजर केले. सुलतानाने त्यास ग्रानादाजवळच एक गाव तोडून दिले, आणि पुढे तेही सोडून तो आफ्रिकेत परतला.

पुढे १३७५ च्या सुमारास राजकारणास कंटाळून तो आजच्या अल्जिरियातील एका किल्ल्यात जाऊन राहिला. किल्ल्याचे नावही पुत्रवाचकच, कलात इब्न सलामा. तेथे १३७७ साली अवघ्या पाच महिन्यांत त्याने मुकद्दिमा पुरा केला. त्यात वंश आणि कुळ यांविषयी जी प्रकरणे आहेत, ती वाचताना मला सेव्हिलचा तो नकार आठवल्यावाचून राहत नाही. तो म्हणतो की वंश ही वस्तुतः मनाची गोष्ट आहे. हाताला लागेल असे तीत काही नाही. तिचा उपयोग एवढाच की तिच्यामुळे माणसे एकमेकांच्या अडचणीला धावतात. धावणे थांबले की उरतो तो नावाचा सांगाडा. घराण्याचा मानही त्याच्या मते चार पिढ्यांपलीकडे बहुधा टिकत नाही. पहिला कमावतो, दुसरा त्याचे पाहून राखतो, तिसरा नुसती नक्कल करतो, आणि चौथा हे सारे आपणास जन्मतःच मिळाले असे समजून घालवितो. शहरात राहणाऱ्यांच्या वंशावळी तर मिसळून जातात; निर्भेळ वंश राहतो तो वाळवंटातल्या उंटवाल्यांचा, कारण त्यांच्या त्या हालअपेष्टांत वाटेकरी व्हावयास कोणी जातच नाही ! हे लिहिणारा स्वतः शहरी, आणि सातशे वर्षांचे नाव सांगणारा.

त्याच ठिकाणी त्याने खलिफा उमर यांचे म्हणून प्रसिद्ध असलेले एक वचन दिले आहे. त्याचा आशय असा की, तुम्ही आपल्या वंशावळी शिका. इराकातील नबाती शेतकऱ्यांसारखे होऊ नका. त्यांस मूळ विचारले की ते ‘आम्ही अमक्या गावचे’ एवढेच सांगतात.

हे वाचले आणि मला हसू आले, कारण त्या नबात्यांत माझी गणना सहज होते. माझे आडनाव ‘कर’ने संपणारे आहे. त्या दिवशी शाळेत त्या वृद्ध चाऊससाहेबांनी माझी चूक दाखविल्यानंतर, बिन म्हणजे काय हे मला नीट समजावे म्हणून, नातवापासून आरंभ करून आपले पूर्वज एका दमात म्हणून दाखविले होते. अमुक बिन अमुक बिन अमुक, अशी नऊ नावे झाली, आणि शेवटी हद्रमौतातल्या त्यांच्या टोळीचे नाव आले. मी बोटे मोडीत मोजीत होतो. मग त्यांनी विचारले, “मास्तर, तुमचे ?”

मी वडिलांचे नाव सांगितले. आजोबांचे सांगितले. पणजोबांचे सांगितले, तेही श्राद्धाच्या संकल्पात तीन पिढ्यांचा उच्चार करावा लागतो म्हणून पाठ होते. पुढे अडखळलो. म्हणालो, “त्यापुढे गाव. आम्ही अमक्या गावचे.” ते म्हणाले, “गाव तर चांगला आहे. जाता का कधी ?” गेल्या चार पिढ्यांत आमच्यापैकी कोणी तेथे गेल्याचे मला ठाऊक नव्हते.

त्यांच्या नऊ नावांचा हिशेब मी नंतर घरी येऊन केला. शंभरास तीन धरता नऊ नावे म्हणजे तीनशे वर्षे. घराणे इकडे येऊन दीडशे-पावणेदोनशे वर्षे झाली असावीत. तेव्हा निम्मी नावे इकडची आणि निम्मी तिकडची. त्यांचा हिशेब जुळत होता. माझा जुळवून पाहण्याइतका लांबच नव्हता.

रजिस्टरातील नोंद बदलणे हे सोपे काम नसते. शिक्षणाधिकाऱ्यांच्या मंजुरीवाचून तेथे एक काना-मात्राही हलविता येत नाही. अर्ज झाला, प्रतिज्ञालेख झाला, जन्माचा दाखला आणि आजोबांच्या जमिनीचा उतारा जोडला. त्या उताऱ्यात नाव नीट, ‘बिन’सकट लिहिलेले होते, कोणा जुन्या तलाठ्यास ते बरोबर कळले होते. परीक्षेपूर्वी तीन आठवडे मंजुरी आली. मी लाल शाईने जुनी नोंद एका रेघेने कापली, बाजूला हुकुमाचा क्रमांक घातला आणि सही केली. ‘बिन’ मुलाच्या नावाशी, बाप बापाच्या घरात, आणि सांडलेले ‘बा’वाले घराण्याचे नाव शेवटच्या घरात. जागा पुरेना, म्हणून अक्षर बारीक काढावे लागले.